खाडीच्या वाटेवर लावलेला कॅमेरा

तळवलीच्या मागून खाडीत उतरणारी एक पायवाट आहे. शेजारच्या नव्या सोसायटीला तिच्यावर भिंत घालायची होती. का, तर म्हणे ही वाट कोणी वापरतच नाही! आमच्या बायका ओहोटीला त्याच वाटेने चिखलात उतरतात, खुबे, म्हणजे चिखलातले शिंपले, वेचून बाजारात विकतात. वाट गेली की धंदा गेला. म्हणून मी पत्रक काढलं. वर ठसठशीत मथळा : ‘खाडी मेली, आता आम्हालाही मारणार?’ पत्रक हरकतीच्या अर्जाला जोडायचं ठरलं.

तेव्हा खेड्यांवर फिल्म करणारी एक बाई आमच्या घरी भाड्याने राहत होती. मला वाटलं, झालं काम. खुबे वेचणाऱ्या माझ्या आत्याला नवं लुगडं नेसवलं, चार वाक्यं पाठ करून घेतली आणि बांधावर उभं केलं. बाईने कॅमेरा लावला तो वाटेच्या तोंडाशी, ट्रायपॉडवर. स्वतः छत्री उघडून बाजूला बसली. मुलाखत कधी, विचारलं, तर म्हणाली, बायका रोज करतात ते करू देत, आपण बघू. तीन दिवस हेच. बायका येता-जाता विचारायच्या, “बाय, कॅमेरा वालत घातलास काय?” ती हसायची. मी मात्र भडकले. इथे आमची वाट बंद होतेय आणि तुम्ही चिखल बघत बसलाय, असं तोंडावर सुनावलं. तिने सरकून मला छत्रीत जागा दिली.

बसले. एक अख्खी ओहोटी बघितली. जन्म इथे गेला, पण तळपायाने चाचपून खुबा कसा ओळखतात ते मी कधी नीट पाहिलंच नव्हतं.

चौथ्या दिवशी तिने आमच्या ओटीवर सगळ्यांना चित्रण दाखवलं. मध्ये कुठे कापलेलं नाही. बायका रिकाम्या पाट्या घेऊन उतरतात, भरलेल्या घेऊन वर येतात. बस. आत्याने माझं पत्रक मांडीवर ठेवलं.

“तू लिवलंस खाडी मेली. मेली तर भरनी टाकून बुजवतील ना? मंग आमी खुबे काय मड्याच्या पोटातून काढतो?”

रागाच्या भरात मी समोरच्यांचंच काम सोपं करून ठेवलं होतं. पत्रकांचा गठ्ठा रद्दीत घातला आणि अर्जाला ते चित्रण जोडलं.

सुनावणीत चित्रण लावलं, तर साहेब म्हणाले, जरा पुढे पळवा. मी नाही म्हटलं. पाट्या भरून येईपर्यंत त्यांना बघावं लागलं. मग त्यांनी विचारलं, हे कधीचं?

आत्या म्हणाली, “रोजचं.”

महिन्याभराने निकाल आला : भिंत वाट सोडून बांधायची. आमचं खरं मानायला कॅमेरा लागतो, याची चीड अजून आहे. पण त्या दुपारी ओहोटी होती, आणि पाटी घेऊन मीही उतरले. तासभर चाचपून एकच खुबा मिळाला, तोही पोकळ. बायका पोट धरून हसल्या. बाईने तेवढंही टिपलं.