स्वल्पविरामाच्या जागी

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोला नाही, चळवळीतल्या मित्रांना तर नाहीच. आता तुम्हाला का सांगतोय? — खरं म्हणजे लपवण्याचाच कंटाळा आलाय.

आमच्या घरात पुस्तकं नव्हती, पत्रकं होती. बाबा सभांहून पिशवी भरून आणत. मी त्यांवरच वाचायला शिकलो. म्हणून असेल — कुठलाही मजकूर समोर आला की यात शत्रू कोण, हे मी आधी शोधायचो. वर्ध्याला कॉलेजात गेलो आणि स्वतःच पत्रकं काढायला लागलो. सवयीवर ढकलतोय का मी? बहुतेक. ते राहू द्या.

ताकसांडे सर आम्हाला इंग्रजी शिकवत. केळझरकडच्या खेड्यातले, बौद्ध. त्यांच्या वस्तीतून कॉलेजात शिकवायला आलेले पहिलेच. तिथली पोरं त्यांच्या खोलीवर अभ्यासाला बसत. एका जुन्या इंग्रजी शोकांतिकेवर सर कित्येक वर्षं टिपणं काढत होते — मुलींना राज्य वाटून बसलेल्या म्हाताऱ्या राजाचं नाटक. त्यावरचा त्यांचा पहिला लेख कॉलेजच्या वार्षिकात आला. पुढे पुस्तक करायचं त्यांच्या मनात होतं.

लेख राजावर नव्हताच. त्या नाटकात एक नोकर आहे. मालक एका म्हाताऱ्याचे डोळे काढत असतो, तेव्हा हा मध्ये पडतो आणि मारला जातो. प्रेत उकिरड्यावर फेकायला सांगतात. त्याला नावसुद्धा नाही. सरांनी लिहिलं होतं: ‘नोकराच्या मरणाला शोकांतिका म्हणता येत नाही, असं मोठमोठे टीकाकार मानत आले, मला ते मान्य नाही.’

मी पत्रकात छापलं: ‘नोकराच्या मरणाला शोकांतिका म्हणता येत नाही.’ खाली सरांचं नाव. वर मथळा — ‘राजांचे भाट’.

चुकून? नाही. पुढचं मी वाचलं होतं, दोनदा वाचलं होतं. स्वल्पविरामाच्या जागी पूर्णविराम मीच दिला. का? ते वाक्य मला सुचायला हवं होतं — जमीनजुमल्याच्या कास्तकाराच्या घरात वाढून गरिबांच्या वतीनं बोलणाऱ्या मला. सुचलं त्यांना. आणि त्यांना कुणाच्या वतीनं बोलावं लागत नव्हतं. हे मला सहन झालं नाही.

लेख फारसा कुणी वाचला नव्हता; पत्रक सगळ्यांनी वाचलं. वस्तीतही गेलं. सर सायकलवरून निघाले की पानठेल्यावरून हाक यायची, “काय सर, राजेसाहेब बरे हायेत ना?” त्या घोळक्यात उभा राहून मी हसलो आहे. खोलीवर येणारी पोरं एकेक करून यायची थांबली.

मग एकदा बसस्टँडवर सर समोरच आले. रागावतील असं वाटलं — रागावले असते तर बरं झालं असतं.

“काऊन गा, वाक्य पुरं नाई छापलं?”

मी बसची पाटी वाचायला लागलो.

“छापखान्यातल्या कंपोझिटरनं खाल्लं असन,” तेच म्हणाले. “होते असं.”

किती सोपं करून दिलं त्यांनी! मी म्हणालो, “हो सर.”

“मंग पुढच्या पत्रकात पुरं टाकजो.”

मी मान हलवली. त्यांची बस लागली होती, ते गेले.

माझ्यावर त्यांनी विश्वास ठेवला का? की मला खोटं बोलायला जागा करून दिली? ठाऊक नाही. पुस्तक झालं नाही. नाटकाचा तास त्यांनी दुसऱ्यांना देऊन टाकला. स्वतः व्याकरण शिकवत राहिले. आजही रस्त्यात भेटले की बाबांची तब्येत विचारतात. त्या वाक्याचं पुन्हा कधी विचारलं नाही. मीही ते पुरं छापलं नाही.

बसस्टँडवरच्या त्या दिवसानंतर मी पुष्कळ पत्रकं काढली. प्रत्येकात त्या एका ओळीपुरती जागा होती.