अध्यक्षाला दिलेले ग्रेस मार्क

अमेरिकेच्या अध्यक्षाने माझ्या साडूंना फसवलं आणि माझ्या साडूंनी मला. व्यवहार एवढाच आहे. बाकी इराक, तेल, संयुक्त राष्ट्रं आणि माझ्या बायकोचं आठवडाभर डोळे पुसणं हा सगळा त्यावरचा तपशील. दुबईतल्या बर दुबई भागातल्या मीना बाजारात मी आधी दुसऱ्याच्या दुकानात कापडाच्या घड्या घातल्या, मग स्वतःचं दुकान टाकलं. गिऱ्हाईक पायरीवर पाय ठेवतं तेव्हाच मला कळतं की हे घेणार, की नुसतं कापड चाचपून जाणार. बाजारात मला कुणी फसवल्याचं आठवत नाही. मला फसवायला बायकोच्या थोरल्या बहिणीचा नवराच यावा लागला.

अमेरिकेच्या अध्यक्षावर इतकं बारीक लक्ष ठेवणारा दुसरा माणूस या पृथ्वीवर झाला नसेल. त्यांच्याकडचे गुप्तहेरसुद्धा जेवायला, झोपायला जात असतील. साडू जेवतानाही छोटा रेडिओ ताटाशेजारी ठेवून बातम्या ऐकत आणि आमटीचा भुरका नेमका तिकडचा माणूस श्वास घ्यायला थांबला की मारत. खाडीपलीकडे देऱ्यात एका जहाज कंपनीच्या विमा विभागात ते नोकरीला होते. दुबईला येण्याआधी काही काळ नाशिकच्या शाळेत त्यांनी नागरिकशास्त्र शिकवलं होतं आणि ते शास्त्र त्यांच्या अंगातून कधी उतरलंच नाही. अध्यक्ष कुठलाही असो, साडू त्याला दोन पेपरांत मार्क देत. एक घरचा पेपर, म्हणजे त्याच्या देशातल्या नोकऱ्या, कर, शाळा, दवाखाने. दुसरा बाहेरचा पेपर, म्हणजे आपण सगळे. दोन्ही शंभर-शंभर मार्कांचे. नव्वदच्या दशकात तिकडे एक हसरा अध्यक्ष होता. त्याला त्यांनी घरच्या पेपरात पहिला वर्ग दिला, पण बाहेरच्या पेपरात कसाबसा काठावर काढला. "हसतो फार," ते म्हणाले. "वर्गात जो मुलगा माझ्याकडे बघून हसायचा, त्याच्या बाकाखाली हमखास काहीतरी सापडायचं."

हे मार्क जाहीर होत शुक्रवारी. सुट्टीच्या दिवशी सकाळी देवळाच्या गल्लीत दर्शन घ्यायचं, तिथून कॅफेटेरियात कडक चहा घ्यायचा आणि चहाचा पहिला घोट पोटात गेला की साडू आठवड्याचा निकाल सांगायचे. ऐकणारा मी एकटाच असे, पण बोलणं दोनशे माणसांपुढे चाललंय अशा आवाजात. एकदा मला देऱ्याला काम होतं म्हणून आम्ही अब्रात, म्हणजे खाडी ओलांडायच्या होडीत, बसलो. शेजारी एक पेशावरचा शिंपी होता. त्याने सहज म्हटलं, "अमरीका का सदर तो सब एक जैसा होता है." झालं. खाडी ओलांडेपर्यंत साडूंनी त्याला तीन अध्यक्षांमधला फरक समजावला. होडी पलीकडे लागली, शिंपी उतरला नाही. त्यालाही मुद्दा पटला नव्हता. दोघे त्याच होडीतून वाद घालत परत बर दुबईला गेले आणि मी काठावर उभा राहून त्यांना लहान होत जाताना बघत राहिलो.

टीव्हीवर अध्यक्षाचं भाषण असलं की ते आवाज बंद करायचे. "शब्द दुसऱ्याने लिहून दिलेले असतात," ते म्हणत. "हात स्वतःचे असतात. हात बघा." मग आम्ही सगळे मुकाट्याने एका मुक्या माणसाचे हात बघत बसायचो. त्यांचा मुलगा इथेच वाढलेला. तो आतल्या खोलीतून म्हणायचा, "बाबा, नोबडी आस्क्ड यू." यावर साडूंचं उत्तर ठरलेलं होतं. "विचारत नाहीत म्हणूनच तर जगाची ही दशा आहे."

आणि हे नुसतं बोलणं नव्हतं. बाहेरच्या पेपरात अध्यक्ष चाळिसाच्या खाली घसरला की साडू घरात तांदळाची पोती आणत आणि बाल्कनीतले निळे प्लास्टिकचे ड्रम पाण्याने भरून ठेवत. ताई, म्हणजे त्यांची बायको, माझ्याकडे तक्रार करायची. "तो माणूस तिकडे काही बोलला की इकडे मला कपडे वाळत घालायला जागा उरत नाही." अध्यक्ष सुधारला की ड्रम रिकामे करून पालथे ठेवले जात. आमच्या सगळ्या नात्यागोत्यात जगाची परिस्थिती कशी आहे हे वर्तमानपत्रावरून नाही, ताईच्या बाल्कनीवरून ओळखत.

दोन हजार दोनच्या शेवटी माझ्या मुलीचं लग्न ठरलं. लोक मुलींची लग्नं करायला गावी जातात. मी ठरवलं, लग्न दुबईत. संगमनेरला माझे चुलते आणि थोरला भाऊ मला "दुबईत कापडं झटकतो" म्हणत आले होते. त्यांना बोलवायचं, हॉलमध्ये बसवायचं, दुकान दाखवायचं. सगळ्यांचे व्हिजे मी काढणार होतो. फक्त आई येणार नव्हती. "विमानात मी बसत नाही, मला इथूनच अक्षता टाकता येतात," असं तिने फोनवर सांगून टाकलं होतं आणि आमच्या घरात आईने एकदा सांगितलं की विषय संपला.

गुरुजींनी दोन मुहूर्त काढले, एक जानेवारीचा आणि एक मार्चअखेरचा. मला जानेवारीच हवा होता, कारण मला वास येत होता. आखातात अमेरिकेची जहाजं येत होती आणि ती कुणी हवापालटासाठी पाठवत नव्हतं. पण साडूंनी मार्च लावून धरला. एरवी हा माणूस संशयाचं झाड. पुढ्यात आलेल्या चहालाही दोनदा विचारणारा. तो एकाएकी अध्यक्षाची बाजू घेऊन बसला.

"शेठ, परवा तुमच्या दुकानात ती बाई आली होती. तीनदा पायरी उतरली, तीनदा तुम्ही हाक मारली. शेवटी घेतलंच ना तिने?"

"घेतलं."

"हा तेच करतोय. पायरी उतरून दाखवतोय. कुणीतरी हाक मारेल, भाव ठरेल, खलास."

"साहेब, ती बाई हातात पर्स घेऊन आली होती. याने दारात पिकअप लावलीय, हमाल आणून उभे केलेत आणि हमालांचा रोज चालू आहे. पिकअप लावून कुणी भाव करत नाही. हा माल उचलायला आलाय."

"तुम्ही माल बघता, मी माणूस बघतो. दीड-दोन वर्षांत त्याला घरी मतं मागायची आहेत. घरच्या पेपराचा अभ्यास सोडून तो बाहेरचा पेपर कशाला ओढवून घेईल? बाहेरच्या पेपरात मी त्याला बावन्न देतो."

"गेल्या शुक्रवारी छत्तीस होते."

"सुधारणा दिसते आहे."

तेव्हाच मी ओळखायला हवं होतं. ज्या गिऱ्हाइकाने वर्षानुवर्षं कापडाच्या प्रत्येक वारावर घासाघीस केली, ते एके दिवशी सांगितलेल्या भावाला मान डोलवत असेल तर त्याच्या मनात दुसरं काहीतरी असतं. पण आमच्याकडे रेडिओ ऐकणाऱ्याच्या शब्दाला वजन. बायको म्हणाली, भावजी शिकलेले आहेत. मुलगी म्हणाली, "पप्पा, मार्च इज बेटर, ऑफिसमध्ये लीव्ह मिळते." मार्च ठरला.

लग्न दहा-बारा दिवसांवर आलं आणि ताई अचानक मुंबईला निघाली. कारण काय, तर म्हणे सासूबाईंचे गुडघे. सासूबाईंचे गुडघे माझ्यापेक्षा ठणठणीत आहेत हे मला ठाऊक होतं. भाचीच्या लग्नाची सगळी तयारी सोडून थोरली मावशी गुडघे बघायला जाते? माझं डोकं फिरलं. म्हणजे आम्हाला मार्च सांगायचा आणि स्वतःची बायको गुपचूप सुरक्षित ठिकाणी रवाना करायची. दुकान पोरांवर टाकून मी तडक त्यांच्या घरी गेलो.

"साहेब, खरे मार्क किती आहेत?"

"बावन्न."

"मग ताई कुठे गेली?"

"गुडघे."

"मला मूर्ख समजू नका. आमच्यासाठी एक निकाल आणि स्वतःसाठी एक?"

ते रेडिओचा काटा फिरवत राहिले. माझ्याकडे बघेनात. "शेठ, थोडे दिवस थांबा. इन्शाल्ला, सगळं कळेल." मी दार आपटून बाहेर पडलो. बाल्कनीतले ड्रम पालथे होते आणि त्यांच्यावर टॉवेल वाळत होते. हे मी बघितलं. पण रागात माणूस बघतो ते त्याच्या डोक्यापर्यंत पोचत नाही.

लग्नाच्या आधीच लढाई सुरू झाली. दुबईत तसं काहीच नव्हतं. दुकानं उघडी होती, अब्रा चालत होत्या, कॅफेटेरियात चहा उकळत होता. पण संगमनेरच्या टीव्हीवर आखात म्हणजे सगळं एकच. भावाचा फोन आला, येत नाही. चुलते नाहीत. बायकोच्या भावानेही नाही म्हटलं, म्हणजे मुलीचा सख्खा मामाच गळाला. हॉलमध्ये मांडलेल्या खुर्च्या मी निम्म्या उचलायला सांगितल्या आणि उचलणाऱ्यांवर उगाच ओरडलो.

त्या दुपारी ताई परतली. एकटी. हातात एक पिशवी. माझ्या बायकोने विचारलं, "आईचे गुडघे कसे आहेत?" ताई स्वयंपाकघरात स्टुलावर बसली आणि तिने सगळं सांगून टाकलं.

ती आपल्या आईकडे गेलीच नव्हती. ती संगमनेरला, माझ्या आईला आणायला गेली होती. साडूंनी तीन-चार महिने आईला फोन करून राजी केलं होतं. मला अचानक दाखवायचं म्हणून दुबईत कुणाला पत्ता लागू दिला नाही. पासपोर्टसाठी आईचा फोटो, पोलिसांची चौकशी, सगळं त्यांनी दुबईतून फोनवर हलवलं होतं आणि पासपोर्ट हातात येणार होता फेब्रुवारीत. म्हणून मार्च. आईला त्यांनी अमेरिकेचं परराष्ट्र धोरण पहिल्यापासून समजावलं होतं. आईने सगळं ऐकून एकच विचारलं होतं.

"साहेब, त्या अध्यक्षाला आई आहे का?"

"आहे. चांगली धडधाकट आहे."

"मग नाही करायचा तो लढाई. येते मी."

मुंबईच्या विमानतळापर्यंत ती आली होती. तिथल्या टीव्हीवर बॉम्ब पडताना दिसले आणि पोचवायला आलेल्या माझ्या भावाने तिला हाताला धरून परत फिरवलं. ताईच्या पिशवीत आईने आणलेले नवे लोकरी पायमोजे होते. विमानात थंडी वाजते, म्हणून साडूंनीच तिला घ्यायला लावलेले. "मला आता काय उपयोग, तूच घाल," असं म्हणून तिने ते ताईला देऊन टाकले होते.

तर असे ते बावन्न. आयुष्यात त्यांनी कुणाला अर्धा मार्क फुकट दिला नव्हता. शाळेत मुख्याध्यापकाच्या मुलाला नापास करून नोकरी धोक्यात घालणारा हा माणूस. आणि एका म्हातारीचा पासपोर्ट फेब्रुवारीत येणार होता म्हणून त्याने जगातल्या सर्वांत बलाढ्य माणसाला ग्रेस मार्क देऊन पास केलं. बरं, दिले ते दिले, त्यावर स्वतः विश्वासही ठेवला.

लग्नात मामाच्या जागी साडू उभे राहिले. त्यांनी मुलीला बोहल्यावर आणलं आणि तिच्यामागे हात जोडून उभे राहिले. एरवी मंगलाष्टकांतही शेजाऱ्याच्या कानात अमेरिकेच्या संसदेची रचना सांगणारा माणूस, त्या दिवशी गुरुजींच्या मागोमाग मंगलाष्टकं म्हणत होता. अक्षता टाकताना त्यांनी एक मूठ जास्तीची टाकली. कुणाच्या वाट्याची ते मी विचारलं नाही.

त्यानंतर शुक्रवारचा चहा चालू राहिला, निकाल बंद झाला. मीच कधी खोदून विचारलं तर म्हणत, "परीक्षक बाद झालाय, शेठ." आई मात्र प्रत्येक फोनला मला सांगायची, "साहेबांना म्हणावं, त्या माणसाला विचारा. आई असून असं कसं केलं, एवढंच विचारा." मी निरोप पोचवायचो. साडू चष्मा पुसत राहायचे. दोन हजार चारमध्ये आई गेली, दुबई न बघता. पुढे काही दिवसांतच तिकडे निवडणूक झाली आणि अध्यक्षाला त्याच्या लोकांनी पुन्हा निवडून दिलं. साडू एवढंच म्हणाले, "बरोबर आहे. त्यांची आई संगमनेरला नव्हती."

पुढच्याच वर्षी साडू निवृत्त झाले. नोकरी संपली की इथला व्हिजाही संपतो. जाताना निळे ड्रम त्यांनी मला दिले, रेडिओ बरोबर नेला. आता शुक्रवारी मी देवळातून निघून कॅफेटेरियात एकटाच बसतो आणि तिथूनच नाशिकला फोन लावतो. पहिली पाच मिनिटं मी त्यांना त्या मुहूर्तावरून बोलतो. ते ऐकून घेतात, आणि ऐकून घेतात याचाच मला जास्त राग येतो. चूक परीक्षकाची, असं ते म्हणतात. मला ते मान्य नाही. परीक्षकाला मी पुरता ओळखतो. उत्तर त्याच्याकडून नकोय.

ज्याने पेपर दिला त्याने उत्तर द्यावं. प्रश्न अवघड नाही, त्यात तेल नाही, राजकारण नाही. संगमनेरच्या एका बाईने विचारलाय, आणि ती गेली म्हणून तो रद्द होत नाही. आई असून असं कसं केलं? त्याने त्याच्या भाषेत सांगितलं तरी चालेल. मी आवाज बंद करणार नाही. समजावून सांगायला साडू आहेत.