चाफ्यावरचा तांबेरा

गणपतीत आमची डोंबिवलीची इमारत ओस पडते. आम्ही बहुतेक सगळे कोकणातले. घराला कुलूप लावतो आणि चावी पहिल्या मजल्यावरच्या काकूंकडे देऊन गावाला पळतो. काकू देशावरच्या, एकट्या राहतात, कुठे जात नाहीत. सगळ्यांच्या गॅलरीतल्या कुंड्यांना पाणी घालणं त्यांच्याकडे, आणि त्यात रुबाब असा की चावी द्यायला उशीर झाला तर बोलणी खावी लागतात.

एका वर्षी परत आलो तर आमच्या चाफ्याची पानं वरून पिवळ्या ठिपक्यांनी भरलेली, खालून हळद सांडल्यासारखी. बोट लावलं तर केशरी पूड. बायको म्हणाली, "अरे, हा तांबेरा आहे. बुरशी." शेजारी तेच, वर तेच. एकाच चाफ्याच्या फांद्या आम्ही घरोघर वाटून घेतलेल्या. तुळस, मोगरा, जास्वंद मात्र ठणठणीत. हा तांबेरा चाफ्यावरच पोसतो. वाऱ्याने उडतो, हाताला-कपड्याला लागून जातो आणि ओल्या पानावर रुजतो.

तो पसरला कसा, ते काकूंनीच सांगितलं. तळमजल्यावरच्या चाफ्यावर त्यांना आधी ती पूड दिसली. धूळ समजून त्यांनी ओल्या फडक्याने एकेक पान पुसलं, मग तेच फडकं घेऊन सगळ्यांच्या घरी चाफे पुसले. इतक्या निगुतीने लागण करणं दुसऱ्या कुणाला जमलं नसतं! मला हसू येत होतं, पण काकूंचा चेहरा पार पडलेला. "पुढच्या वर्षी चाव्या दुसऱ्या कुणाला द्या," म्हणाल्या आणि दार लावून घेतलं.

चाफे काही मेले नाहीत. रोगट पानं खुडून कचऱ्यात दिली, उरलेली थंडीत गळली, उन्हाळ्यात नवी कोरी आली. काकूंचा हट्ट मात्र तसाच. पुढच्या गणपतीत चावी घेऊन गेलो तर म्हणाल्या, "नको हो. मला मेलीला पुसत बसायची सवय." मग हळूच, "पुसत बसलं की तेवढाच वेळ जातो. अख्ख्या इमारतीत कुणाचा आवाज नसतो."

मी चावी त्यांच्या हातात कोंबली. "काकू, पाणी मुळाशी घाला, पानांना हात लावू नका. आणि आमच्याकडे खुशाल बसत जा. टीव्ही लावा, चहा करून घ्या."

परत आलो तेव्हा चाफा हिरवागार होता. ओट्यावर एक कप धुऊन पालथा घातलेला दिसला, आणि मला चाफ्यापेक्षा त्याचाच जास्त आनंद झाला.