सरांनी सांगितलेलं मेक्सिको

मेक्सिकोला जायची हौस माझी नव्हती, नवऱ्याची होती. पाटबंधारे खात्यातून इंजिनिअर म्हणून निवृत्त झाल्यावर त्याने जगाचा एक मोठा नकाशा आणून बैठकीत लावला आणि सकाळचा चहा त्याच्यासमोर उभं राहून प्यायला सुरुवात केली. मी म्हणायचे, मेळघाट धड पाहिला नाही अजून. तो म्हणायचा, मेळघाट कुठं पळून चालला.

एका रविवारी अमरावतीत राजापेठेतल्या एका मंगल कार्यालयात माहितीसभा आहे म्हणून तो मला घेऊन गेला. स्टेजवर बॅनर होता: मेक्सिकोतील वसाहतकालीन शहरे, एक सांस्कृतिक अभ्याससहल. मी ज्युनियर कॉलेजात इंग्रजी शिकवण्यात आयुष्य घालवलं आहे. अभ्यास हा शब्द बॅनरवर दिसला की तिथे तो होणार नाही, एवढं मला कळतं.

सहलीचे मार्गदर्शक म्हणून एक निवृत्त प्राध्यापक लाभले होते. सगळं गाव त्यांना नुसतं 'सर' म्हणतं. कोणत्या विषयाचे ते मला आजही ठाऊक नाही. गणपतीत, व्याख्यानमालेत, कोणाच्या एकसष्टीला, शाळेच्या स्नेहसंमेलनात, जिथे माइक असेल तिथे सर असतात. आवाज भरदार. वाक्य सुरू करण्याआधी ते क्षणभर डोळे मिटतात, आणि लोकांना वाटतं आतून काहीतरी येऊन राहिलं आहे.

मी उभी राहून विचारलं, "सर, तुम्ही याआधी मेक्सिकोला गेला आहात का?"

सरांनी डोळे मिटले. "मनाने अनेकदा," ते म्हणाले, आणि सभागृहाने टाळ्या वाजवल्या.

मी तिथूनच घरी यायला हवं होतं. पण नवराही टाळ्या वाजवत होता.

मेक्सिको सिटीत पोहोचल्यावर पहिल्या संध्याकाळी हॉटेलात ओळखपरेड झाली. प्रत्येकाने नाव, गाव, व्यवसाय सांगायचा. आमचं आडनाव ऐकल्यावर समोरच्या काही चेहऱ्यांवर ते नेहमीचं अर्ध्या क्षणाचं थांबणं आलं. आमच्या घरात सासऱ्यांच्या पिढीपासून बुद्धवंदना म्हटली जाते, आणि हे थांबणं मी शाळेपासून पाहत आले आहे. त्या अर्ध्या क्षणात माणूस मनातल्या मनात तुम्हाला एका कप्प्यात ठेवतो आणि मग हसून म्हणतो, वा, छान. परतवाड्याचे एक मेडिकलवाले होते, ते म्हणाले, "वा, छान." अमरावतीहून इतकं लांब येऊनही त्यात काही फरक पडलेला नव्हता.

दुसऱ्या दिवसापासून स्थानिक गाइड आमच्याबरोबर आली. पन्नाशीची, डोक्यावर गवती हॅट, पायात मजबूत बूट. इतिहास शिकलेली. तिचं इंग्रजी सावकाश आणि स्वच्छ होतं. दोन-तीन वाक्यं बोलून ती थांबायची, मग सर माइक घेऊन त्याचं मराठी करायचे. तशीच व्यवस्था ठरली होती.

पहिल्याच चौकात, मोठ्या कॅथेड्रलसमोर, ती म्हणाली की इथे पूर्वी इथल्या लोकांचं देऊळ होतं. स्पॅनिश लोकांनी ते पाडलं आणि त्याचेच दगड या चर्चला वापरले. खाली पूर्वी तळं होतं, जमीन भुसभुशीत आहे, म्हणून सगळी इमारत हळूहळू खचते आहे आणि एका बाजूला कलली आहे.

सरांनी डोळे मिटले. "मित्रहो, इथे एक मंदिर होतं. हे लोक सूर्याचे उपासक. म्हणजे मुळात आपलेच. आणि ही इमारत बघा, किंचित झुकलेली आहे. निसर्गापुढे नम्र व्हावं म्हणून त्या काळच्या कारागिरांनी ती मुद्दाम तशी बांधली. स्थापत्यातला चमत्कार आहे हा."

मेडिकलवाले म्हणाले, "वा सर."

नवरा माझ्या कानाशी म्हणाला, "चमत्कार कायचा? पाया खचला हाये."

"तिने तेच सांगितलं," मी म्हणाले. "हे सगळं यांनी पदरचं घातलं."

"जाऊ दे. लोक खुश हायेत."

लोक खरोखर खुश होते, आणि मला चीड त्याचीच होती. वीसेक शिकलेली माणसं, त्यांत दोन डॉक्टर, एक वकील, शिक्षक तर ढिगाने. गाइड बोलायची तेव्हा सगळे इकडेतिकडे बघायचे, मोबाइल काढायचे, पर्समधला चिवडा काढायचे. तिचं बोलणं म्हणजे त्यांना शाळेतली घंटा होण्याआधीचा वेळ. सर माइक घ्यायचे तेव्हा मात्र सगळे माना वर करायचे. इंग्रजी कोणाला अगदीच कळत नव्हतं असं नाही. कळून घ्यायचं नव्हतं. आपल्याला आधीच ठाऊक असलेलं पुन्हा ऐकायला ही माणसं अर्धी पृथ्वी ओलांडून आली होती.

मी दोन दिवस गप्प राहिले. बसमध्ये आमच्या मागच्या सीटवर हिवरखेडचं एक शेतकरी जोडपं होतं. केळी आणि कपाशीची जमीन, मुलगा बंगलोरला, त्यानेच यांना पाठवलेलं. बाई माझ्यापेक्षा थोड्या लहान, मला ताई म्हणायच्या आणि प्रत्येक चर्च पाहून झाल्यावर विचारायच्या, "ताई, हे मागच्यापेक्षा मोठं होय का लहान?" त्यांचा नवरा झोपलेला असायचा.

तिसऱ्या दिवशी आम्ही शहराच्या उत्तरेला तेपोत्सोत्लान नावाच्या गावात गेलो. तिथे एका जुन्या मठात आता संग्रहालय आहे. सोन्याने मढवलेल्या वेद्या पाहून सगळ्यांच्या माना दुखायला लागल्या होत्या, तेव्हा गाइडने आम्हाला एका चित्रापुढे आणून उभं केलं. एकाच चित्रात चौकोन पाडलेले. प्रत्येक चौकोनात एक पुरुष, एक बाई आणि त्यांचं मूल. खाली अक्षरं.

गाइड नेहमीपेक्षा जास्त वेळ बोलली. ती म्हणाली की स्पॅनिश राजवटीत माणसांची अशी प्रतवारी असायची. बाप स्पॅनिश आणि आई इथली, तर मुलाला एक नाव. बाप आफ्रिकेतून आणलेला गुलाम, तर दुसरं. मग त्या मुलाचं मूल, त्याला तिसरं. खाली जावं तसे कपडे मळके होत जातात, घरात भांडणं दाखवलेली असतात. कोणी काय नेसावं, कोणती नोकरी करावी, कोणाशी लग्न करावं, सगळं यावर ठरायचं. या प्रकाराला 'कास्ता' म्हणतात, ती म्हणाली, आणि आमच्याकडे बघून थांबली. "हा शब्द तुमच्या देशात पोर्तुगीजांबरोबर गेला, त्याचंच इंग्रजीत 'कास्ट' झालं. तुम्हाला तो माझ्याहून जास्त ठाऊक असेल."

सरांनी माइक तोंडाशी धरला. या वेळी डोळे मिटलेले जरा जास्त वेळ राहिले.

"मित्रहो, ही त्या काळच्या कुटुंबांची चित्रं. आई, वडील, मूल. कुटुंबव्यवस्था हा या संस्कृतीचा कणा होता. आपल्यासारखाच."

मेडिकलवाल्यांनी वा म्हणायला तोंड उघडलं होतं. त्याआधी मी बोलले.

"सर, ती असं म्हणाली नाही. ती म्हणाली, ही जातीची चित्रं आहेत."

मग मी तिने सांगितलेलं सगळं ओळीने सांगितलं, कपड्यांसकट. मी वर्गात धडा समजावून सांगायचे त्याच आवाजात सांगितलं, आणि ऐकणाऱ्यांचे चेहरेही मागच्या बाकावरच्या पोरांसारखेच होते.

"मॅडम," मेडिकलवाले म्हणाले, "बाहेर देशात येऊन तरी जात काढू नका."

"मी नाही काढली. भिंतीवर टांगलेली आहे."

मागून कोणीतरी हळू म्हणालं, पण ऐकू जावं इतपतच हळू, "या लोकाईले सगळीकडं तेच दिसते."

नवरा वळला. त्याने आवाज चढवला नाही. "कोन्त्या लोकाईले?" त्याने विचारलं. "इंजिनिअर लोकाईले का?"

सर म्हणाले, "चला, पुढच्या दालनात," आणि कळप पुढच्या दालनात गेला.

गाइड मागे थांबली. काय झालं म्हणून तिने मला विचारलं. सर काय म्हणाले ते मी तिला सांगितलं.

"एका अर्थी खरं आहे," ती म्हणाली. "कुटुंबांचीच आहेत." मग तिने विचारलं, "इतके दिवस तो असंच करतोय का?"

"पहिल्या चौकापासून."

"माझ्यापेक्षा तो नेहमीच जास्त वेळ बोलतो. मला वाटायचं, तुमची भाषाच लांब आहे."

त्या सहलीत मी पोटभर हसले ते तेव्हाच.

दुसऱ्या दिवशी केरेतारो शहरातल्या हॉटेलात नाश्त्याला सर पपईची बशी घेऊन आमच्या टेबलावर येऊन बसले. इकडचं तिकडचं बोलले. मग म्हणाले, "मॅडम, तुमचं इंग्रजी फार चांगलं आहे. खरं सांगू का, त्या बाईचे उच्चार मला जड जातात. निम्मं कळत नाही. तुम्ही मला हळूच सांगत जा, मी माइकवर सांगत जाईन."

मला क्षणभर त्या माणसाबद्दल बरं वाटलं. आपल्याला कळत नाही हे या वयात, या ख्यातीच्या माणसाने कबूल करणं काही सोपं नाही.

"मी सांगेन तसंच्या तसं सांगाल का?" मी विचारलं.

सर हसले. "तसंच्या तसं कोणाला हवंय, मॅडम? लोक सुट्टीवर आले आहेत. देवळं पाडली, माणसं मारली, जाती पाडल्या, हे ऐकायला कोणी येत नाही. थोडी गोडी लागते."

"मग गोडी तुमच्याजवळ भरपूर आहे. माझी काय गरज?"

"तुम्ही फार कडवट आहात," सर अगदी प्रेमाने म्हणाले आणि पपई संपवून उठले. बरं वाटलेलं सगळं गेलं. ज्याला कळत नाही त्याची मला कीव आली असती. याला कळत नव्हतं आणि कळायला नकोही होतं, वर त्याला तो लोकांवरचा उपकार समजत होता.

ग्वानाहुआतोला आम्ही चांदीच्या खाणीजवळचं चर्च पाहिलं. आत छतापर्यंत सोनेरी वेद्या. गाइडने खाणीबद्दल सांगितलं. माणसं पाठीवर खनिजाची पोती घेऊन शिड्या चढायची, पाय घसरला की संपलं, आणि वर बायकापोरं दगड निवडत बसायची. त्याच खाणीच्या पैशातून मालकाने हे चर्च उभं केलं. सरांनी सांगितलं की खाणमालक अत्यंत श्रद्धाळू होता.

हिवरखेडच्या बाईंनी माझी बाही ओढली. "ताई, ते बाई एवढं तोंड गंभीर करून बोलली, अन् सर म्हनते मालक देवभोळा होता. मधातलं काहीतरी सुटून राह्यलं. काय म्हनली ते सांगा ना मले."

मी सांगितलं. त्या वेदीकडे बघत राहिल्या.

"अन् जे शिडीवरून पडले, त्याईचं नाव कुठी लिवलं हाये का इथी?"

मी गाइडला विचारलं. तिने मान हलवली. नाही.

"बरं," बाई म्हणाल्या. मग बाकावर डुलकी घेणाऱ्या नवऱ्याला जागं करून त्यांनी त्याच वेदीसमोर दोघांचा फोटो काढायला मोबाइल माझ्या हातात दिला.

त्या दिवसापासून आमच्या सहलीच्या दोन तुकड्या पडल्या. मोठी सरांच्या माइकभोवती. चार-पाच जण माझ्या आजूबाजूला, जरा चोरून, आपल्याला कोणी पाहत तर नाही ना हे बघून उभे राहणारे. मी त्यांना गाइडचं बोलणं जसंच्या तसं सांगायचे. माझा अभिमान फार टिकला नाही. पुएब्लाला पोहोचेपर्यंत मला विचारले जाणारे प्रश्न असे होते: संडास कुठे आहे ते गाइडला विचारा ना, या निळ्या फुलांच्या बशीत मायक्रोवेव्ह चालेल का, दुकानवाला काही कमी करेल का, तुम्ही इंग्रजीत बोला ना जरा. ओआहाकात एका डॉक्टरीणबाईंनी मला हॉटेलच्या मॅनेजरला टॉवेल बदलून द्यायला सांगायला लावलं. सरांना त्यांनी ते सांगितलं नसतं. सर व्याख्याते होते, मी दुभाषी. तुकडी कोणतीही असो, सरांना मान होता.

निघताना विमानतळावर गाइडने माझ्या गालाला गाल लावला आणि नवऱ्याशी हस्तांदोलन केलं. सरांनी तिला सगळ्यांसमोर शाल दिली आणि मराठीत भाषण केलं. तिने माझ्याकडे पाहिलं. मी भाषांतर केलं नाही.

परत आल्यावर महिनाभराने राजापेठेतल्या त्याच कार्यालयात अनुभवकथन झालं म्हणे. आम्हाला निरोप नव्हता. मेडिकलवाले बोलले, वकील बोलले, सरांनी समारोप केला. हे मला हिवरखेडच्या बाईंनी फोनवर सांगितलं. त्या खास त्यासाठी अमरावतीला मुक्कामाला आल्या होत्या.

"सर मस्त बोलले ताई. लोकाईच्या डोयात पानी आलं."

"कशाबद्दल बोलले?"

"ते काही ध्यानात नाई." मग म्हणाल्या, "सर आता पेरूले नेऊन राह्यले. आमी दोघांनी नाव देल्लं. तुमी येता का?"

"तुम्ही पुन्हा त्यांच्याबरोबर कशाला चालल्या?" मी विचारलं. "ते खोटं सांगतात हे तुम्हाला ठाऊक आहे."

"हाये ना ठाऊक. म्हनून तं तुमाले इचारून राह्यली. सर सांगतीन ते आयकू, अन् खरं काय ते तुमी मागून सांगसान. दोन्ही होते."

मी नाही म्हणाले. नवरा नकाशासमोर उभा होता. त्याने कोणाचा फोन म्हणून विचारलं, मी सांगितलं, आणि पेरूचं नाव ऐकल्यावर तो बिचारा पुन्हा नकाशाकडे वळला. मी त्याला म्हणाले, आपण दोघंच जाऊ पेरूला, कधी जायचं ते तू ठरव. माइकशिवाय.