खटकचिंचोळीची येळवस आणि नारायणाचा चित्रपट

पत्नी गेल्यानंतर प्रवासाची इच्छा मला उरली नव्हती. परंतु आमच्या नारायणाने पहिला चित्रपट स्वतःच लिहून दिग्दर्शित करावयाचे ठरविले आणि त्याचा आरंभ आईच्या माहेरच्या येळवशीने, म्हणजे वेळा अमावास्येच्या शेतातल्या सणाने, व्हावा, असा हट्ट धरला. "मी निम्मा तिकडचा, आणि तिकडचे मला काहीच ठाऊक नाही," तो म्हणाला. मार्गशीर्ष अमावास्येच्या बेताने आम्ही हैदराबादेहून निघालो.

बिदरवरून भालकीपर्यंत आगगाडी आहे; पुढे खटकचिंचोळीस बैलगाडी. भाडे निजामाच्या हाली शिक्क्यात आधीच ठरवावे. धाबळी जवळ असावी. पहाटेचा गारठा बोचरा असतो. फराळाचे मात्र नेऊ नये. येळवशीला सारे गाव शेतात जेवते आणि वाटसरूलाही सोडीत नाही.

शेतातल्या कडब्याच्या कोपीत, म्हणजे खोपटात, चुना दिलेले पाच दगड मांडले होते, तेच पांडव. पूजेनंतर एक जण घोंगडे पांघरून, आंबील शिंपडीत, पिकाभोवती धावतो. नारायणाला नेमके तेच हाताने दांडा फिरवावयाच्या चित्रयंत्राने टिपावयाचे होते. फीत थोडी, सण वर्षातून एकदा. त्याने मामांना, म्हणजे माझे मेहुणे अण्णा यांना, विनविले, "मामा, आधी एकदा नुसतं धावून दाखवता?"

"पूजा खोटी करत्यात व्हय रं?"

पूजा आटोपली. अण्णांनी घोंगडे उचलले आणि थेट नारायणाच्या खांद्यावर टाकले.

"भाचा दारात असताना दुसऱ्यानं कामून फिरायचं?"

"मामा, मग यंत्र कोण फिरवणार?"

"दाजी हाईत की! येवढं कालेज शिकलेत, एक दांडा फिरवायला येत न्हाई व्हय?"

नारायणाचा चेहरा उतरला. पण नाही म्हणणे शक्य नव्हते. मी यंत्रामागे उभा राहिलो. तो ढेकळांत ठेचकाळत पळाला. निम्मी आंबील त्याच्याच अंगावर सांडली.

"देवाला ठिव की जरा! समदी सोताच पियालास?" माझ्या पत्नीच्या थोरल्या भगिनी, अक्का, ओरडल्या.

मग पालेभाज्या-शेंगांची घोटलेली भज्जी, बाजरीचे वाफवलेले उंडे, ताक. इतके मी कित्येक महिन्यांत जेवलो नव्हतो.

घरी परतल्यावर फीत धुऊन आली. भिंतीवर पडदा लावला. माझा हात मंद चालल्यामुळे नारायण घोड्याहून वेगाने धावत होता. गंभीर आरंभ योजणारा दिग्दर्शक स्वतःच भिजलेला, धडपडलेला! तो पडद्यापाशी जाऊन उभा राहिला. मग म्हणाला, "बाबा, मला त्यांना पाहायचं होतं. त्यांनी मला आतच ओढलं. आरंभ हाच."

चित्राच्या कडेला अक्का तोंडाशी पदर धरून हसत होत्या. तसाच पदर त्यांची धाकटी बहीणही आमच्या घरी धरीत असे.

फीत संपली.

"पुन्हा लाव," मी म्हणालो.