आंबिलीच्या मडक्यावरचा हात

फोटो काढायची वेळ आली की मी पाणी आणायला जाते. घरातल्या लग्नांच्या अल्बममध्ये मी जवळजवळ नाहीच. म्हणून त्या वर्षी वेळ अमावास्येला मी जे केलं ते आईला विचित्र वाटलं.

मंद्रूपजवळचं शेत आजोबांनी तोंडी वाटून दिलं होतं. रस्त्याकडचा तुकडा थोरल्या काकांना. तो विकून त्यांनी सोलापुरात दुकान टाकलं. विहिरीकडचा बाबांना, आणि तो बाबाच कसतात. या तुकड्याच्या सातबारा उताऱ्यावर मात्र दोघांचीही नावं तशीच राहिली.

वेळ अमावास्या हा आमच्याकडचा शेतपूजेचा सण; त्या दिवशी आम्ही शहरातून जेवण घेऊन शेतात जातो. उभ्या ज्वारीत कडब्याची कोप, म्हणजे छोटी खोपी, तिच्यात पांडव म्हणून मांडलेले पाच दगड, भज्जी, उंडे, आंबील. त्या दिवशी शेतात आलेल्या कुणालाही जेवल्याशिवाय परत पाठवत नाहीत. हे काकांनाही माहीत होतं. कित्येक वर्षांनी ते आले, सोबत त्यांचा मोठा मुलगा. दोघांचेही कपडे पांढरे, कडक इस्त्रीचे. कोपीत मांडी घालून जेवायला कुणी असं येत नाही.

"या दादा, या!" बाबा इतके खूश झाले की मला त्याचीच भीती वाटली.

जेवणं झाली की पिकावर आंबील शिंपडायची. ते काम घरातल्या थोरल्याचं. काकांनी हात पुढे केला. "थोरला मी हाय की रं. आण हिकडं." बाबांनी मडकं देऊन टाकलं. चुलत भावाने फोन काढला, पण फोटो काढेना. बाबा हात धुवायला विहिरीकडे गेले, तेव्हा कुठे त्याने फोन वर केला. आईला म्हणाला, "काकू, तुमी सावलीत बसा की."

मी उठून काकांच्या शेजारी जाऊन उभी राहिले.

"ए इंग्लिश मीडियम, सरक जरा," चुलत भाऊ म्हणाला. "तुला कवापासनं फोटोची हौस?"

"मडकं जड आहे," मी म्हटलं आणि काठ धरला.

"हलकं हाय गं," काका म्हणाले. मी सोडला नाही. बांधाबांधाने आम्ही दोघं तसेच फिरलो, मी जणू त्यांची लाडकी पुतणी.

पुढच्याच महिन्यात शेताच्या कडेला जेसीबी आला. काकांनी प्लॉट पाडायचं ठरवलं होतं. बाबांनी कोर्टात दावा लावला आणि त्याचा निकाल लागेपर्यंत काकांनी शेतात पाऊल ठेवू नये, असा तात्पुरता मनाई हुकूम मागितला.

"आज शेत कुणाच्या ताब्यात दिसतं, ते आधी बघतात," आमच्या वकीलबाई म्हणाल्या. "हुकूम मिळाला नाही, तर दावा जिंकेपर्यंत तिथे घरं उभी राहतील."

काकांचं म्हणणं आलं ते फोटोंसकट. शेत त्यांच्याच वहिवाटीत आहे, वेळ अमावास्या त्यांचंच कुटुंब करतं, बाबा आणि त्यांच्या घरचं कुणी तिकडे फिरकतही नाही.

सुनावणीला वकीलबाईंनी त्यातला एक फोटो पुढे केला. "मग ही मुलगी कोण?"

फोटो एका बाजूने कापलेला होता. माझा एक डोळा, चष्म्याची एक काच आणि मडक्यावरचा हात एवढंच उरलं होतं. मला पूर्ण कापायचं तर मडकंही कापावं लागलं असतं, आणि मडक्याशिवाय काका नुसतेच कुणाच्या तरी शेतात उभे दिसले असते. वकीलबाईंनी मागच्या बाकाकडे हात केला. सगळ्यांनी वळून पाहिलं. खाली बघायची माझी सवय. त्या दिवशी मी मान वर ठेवली, एवढंच.

पीकपाहणीत बाबांचं नाव होतं, पंपाचं लाइट बिल त्यांचंच होतं. त्यात हा फोटो. हुकूम मिळाला.

बाहेर जिन्यापाशी काका हसत आले. "लई हुशार निघालीस की गं." त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला. बाबांचा चेहरा लगेच मऊ झाला.

"काय बी झालं तरी थोरले तुमीच, दादा. पुढच्या अमावास्येला शेतात..."

"बाबा, रिक्षा थांबलीय," मी मध्येच म्हटलं. रिक्षा कुठेच नव्हती. काकांच्या खांद्यावरून मी पलीकडे बघत होते. चुलत भाऊ खांबाला टेकून उभा होता, आणि त्याचा फोन आमच्याकडे वळलेला होता.