रंजनाताईंचा ओटा

जंगलात जायच्या आधी रंजनाताई हातातल्या पाटल्या आणि बांगड्या उतरवून स्टीलच्या वाटीत ठेवायच्या. मग पदर कमरेला खोचायच्या, अंबाड्यातल्या गजऱ्याला धक्का न लावता तो भलामोठा हेडफोन कानांवर चढवायच्या आणि खुर्चीत मांडी घालून बसायच्या. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा न राहवून विचारलं, "हे सोनं कशाला काढलंत?" तर म्हणाल्या, "बाई, मारामारीला जाताना कोनी दागिनं घालून जातं का? आनि बांगड्या वाजल्या का मागून कोन येतंय ते आयकू येत न्हाय."

हे जंगल कॉम्प्युटरमधलं. मुलगा नीलेश लग्न करून ठाण्याला राहायला गेला, जाताना आपला जुना कॉम्प्युटर शेलार गावातल्या बंगल्यात ठेवून गेला. त्याच्यातला हा खेळ रंजनाताईंनी मोबाइलवर हिंदी व्हिडिओ बघून बघून स्वतःच शिकून घेतला. खेळ असा, की माणूस समुद्रकाठी उघडाबोडका पडलेला असतो, हातात फक्त एक दगड. झाडं तोडायची, शिकार करायची, घर बांधायचं, थंडीने आणि भुकेने मरायचं नाही. आणि त्या एकाच बेटावर कुठकुठली शेकडो माणसं त्याच वेळी खेळत असतात, ती येऊन तुम्हाला मारतात आणि तुमचं घर लुटतात. म्हणून बहुतेक जण टोळी करून खेळतात. एकटा खेळणाऱ्याला म्हणतात सोलो. "मी सोलो हाय," असं रंजनाताई सांगायच्या, तेव्हा एखादी बाई 'मी सरपंच आहे' म्हणेल तसा त्यांचा चेहरा व्हायचा.

माझी आणि त्यांची ओळख नीलेश शाळेत माझ्या वर्गात होता तेव्हाची, पण ती पालकसभेपुरती. मी निवृत्त झाल्यावर एका सकाळी फोन आला. "बाई, नीलेशची आई बोलतंय, शेलारवरून. थोडं इंग्रजी वाचून द्याल का? पन कोनाला सांगू नका." मला वाटलं, जमिनीची काही नोटीस आली असेल. तिकडे एकेक शेत गोडाऊनखाली गेलेलं, त्यात भावकी म्हणजे विचारूच नका. चष्मा घेतला, रिक्षा केली, ट्रकांच्या रांगेत अर्धा जीव घालवला आणि पोहोचले. तर रंजनाताईंनी मला कॉम्प्युटरसमोर बसवलं आणि पडद्याच्या कोपऱ्यात बोट ठेवलं. "हा कवापासून मना कायतरी लिवतोय. काय बोलतोय तो?"

मी वाचलं आणि कानशिलं तापली. जन्मभर मुलांच्या बाकांवर कोरलेलं वाचलेली बाई मी, पण हे त्याच्याही वरचं होतं.

"रंजनाताई, चांगलं लिहिलेलं नाही हो."

"म्हंजे शिव्या?"

"हो."

"कोनाला?"

"तुम्हाला. तुमच्या आईलासुद्धा."

मला वाटलं, आता कॉम्प्युटर बंद करतील. तर म्हणाल्या, "भुकेला असल. लिवा त्याला, खाना खाया क्या?"

मी एका बोटाने अक्षरं शोधत शोधत लिहिलं. बराच वेळ काही नाही. मग उत्तर आलं, नहीं. रंजनाताईंनी मांडीवर थाप मारली. "बघा! मी बोलली ना? आता लिवा, माझ्या ओट्यावर पेटी हाय, भाजलेलं मांस ठेवलंय. खा आनि जा गुमान." अहो, तो आला! पडद्यावर एक उघडा माणूस दगड घेऊन धावत आला, पेटीतलं खाल्लं, पेटीतली विजार चढवली, दोन उड्या मारल्या आणि निघून गेला. "लाज झाकली बिचाऱ्याची," रंजनाताई म्हणाल्या आणि माझ्यासाठी चहा टाकायला उठल्या.

हा ओटा म्हणजे त्यांच्या खेळातली मोठीच गोची होती. बाकीचे लोक तिथे घर बांधतात ते चहूबाजूंनी बंद, एक चिंचोळं दार, त्याच्या आत दुसरं दार. रंजनाताईंच्या घराला पुढे ऐसपैस उघडा ओटा. त्याच्यावर चढलं की कोणीही छपरावर जाऊ शकायचं. आठवड्यातून एकदा तरी घर लुटलं जायचं, ते ओट्यावरूनच. मलासुद्धा, जिला त्या खेळातलं ओ का ठो कळत नव्हतं, एवढं समजायला लागलं. मी एकदा वैतागून म्हटलं, "अहो, काढून टाका ना तो ओटा! चोरांना शिडी लावून देताय तुम्ही."

"बाई," त्या म्हणाल्या, "ओटा न्हाय ते घर न्हाय, ते गोडावन." आणि खिडकीबाहेर बोट दाखवलं. बाहेर निळ्या पत्र्यांची गोडाऊनं, एकाला लागून एक, कुठेही बसायला टीचभर जागा नाही. त्यांच्या लहानपणी गावात दर घराला ओटा होता. वाटेने जाणारा कोणीही टेकायचा, पाणी मागायचा, भाकरीची वेळ असेल तर भाकरी मिळायची, आणि तू कोण म्हणून त्याला आधी कोणी विचारायचं नाही. बंगला बांधला तेव्हा ओट्याच्या जागी गाडी उभी करायला शेड झाली.

गावात त्यांच्याबद्दल लोक काय काय बोलायचे. आगऱ्यांच्या घरात हळदीला सगळा गाव नाचायला असतो, तिथे ही बाई एवढ्या मोठ्या बंगल्यात एकटी राहते म्हणजे काहीतरी बिनसलंय. शिवाय नवरा गेल्यावरही गजरा माळते. "गजरा मी लग्नाआधीपासून घालतंय," त्या म्हणायच्या, "तो काय त्यांच्यासंगं आलेला?" नवऱ्याबद्दल तक्रार नव्हती हं. उलट त्याच्या आवडीचे बोंबील तळले की एक बाजूला काढून ठेवायच्या आणि मग स्वतःच खायच्या. मला मात्र वेगळ्या तव्यावर भाकरी आणि पिठलं, कारण बाईंना वास चालत नाही.

एक टोळी त्यांच्या फार मागे लागली होती. आंटी आमच्यात या, आम्ही तुमचं घर राखू, असं रोज लिहायचे. त्यांचा निरोप मीच वाचून दाखवला आणि विचारलं, "जा की. रोज रोज लुटून घेण्यापेक्षा बरं नाही का?"

त्यांनी हेडफोन काढून गळ्यात ठेवला. "बाई, सासू, सासरे, चार दीर, चार जावा. टोलीतच जन्म गेला माझा. वाईट नव्हती मानसं. पन हा बंगला बांधला तवा फरशी कंची, रंग कंचा, गाडी कुठं, देव कुठं, सगल्यांना इचारलं. चूल कुठं ठेवू, ते मना कोनी इचारलं न्हाय. अंधाऱ्या कोपऱ्यात ठेवली. तवापासून मी भिताडाकडं तोंड करून भाकऱ्या थापतंय." मग पडद्याकडे बघून म्हणाल्या, "हे घर माझं हाय. खिडकी कुठं काढायची ते मी ठरवलं. समुद्राकडं."

मी त्या टोळीला एका बोटाने लिहिलं, आंटी सोलो आहेत.

नंतरच्या पावसाळ्यात त्या मोरीत घसरल्या. खुब्याचं हाड मोडलं. नीलेशने ठाण्याच्या दवाखान्यात नेलं, शस्त्रक्रिया झाली. आणि मग सगळे एकाच सुरात बोलायला लागले. आता एकटं राहणं बंद. आई ठाण्याला, बंगला पाडायचा, जागा गोडाऊनला द्यायची. दीर तयार, पार्टी तयार. मी भेटायला गेले तर एवढ्या बोलक्या बाईने भिंतीकडे तोंड फिरवलेलं. "अकलोलीच्या गरम पान्याच्या कुंडात पाय बुडवीन, बरी होईन," एवढंच पुटपुटल्या. "पन परत जायला घर ठेवतील का गो बाई?" मला त्यांनी 'गो' म्हटलं ते त्या दिवशी पहिल्यांदा.

निघताना त्यांनी माझा हात धरला. मला वाटलं, बंगल्याची देखरेख करायला सांगतील. "बाई, जंगलातल्या घराच्या कपाटात लाकूड टाकाल का? लाकूड संपलं का घर आपोआप पडतं. बंगल्याची किल्ली घेऊन जा."

दुसऱ्या दिवशी दुपारी मी त्या खुर्चीत बसले. फोन स्पीकरवर टाकून टेबलावर ठेवला, पलीकडे दवाखान्यातून रंजनाताई.

"झाड तोडलं?"

"तोडतेय. अहो, डुक्कर आलं!"

"पला, बाई, पला!"

"कुठे पळू? मी खुर्चीत आहे!"

डुकराने मला मारलं. मग थंडीने मेले. मग कोणीतरी लांबून गोळी घातली, कोण ते कळलंसुद्धा नाही. फोनमधून रंजनाताई पोट धरून हसत होत्या आणि मध्येच पाय दुखला म्हणून कण्हत होत्या. शेवटी लाकडं घेऊन मी एकदाची घराशी पोहोचले आणि थांबले.

"काय झालं? बोला ना."

"रंजनाताई, दार फोडलंय. आतलं सगळं नेलंय."

मग हळूच आवाज आला, "कपाट?"

"आहे."

"खिडकी?"

"आहे."

"समुद्र दिसतो?"

"दिसतो हो. छान दिसतो."

"मंग झालं. पेट्या काय, परत भरतील. लाकूड टाका."

मी लाकूड टाकलं, फोन ठेवला, वळले, तर दारात नीलेश. आईच्या साड्या न्यायला आला होता, कधीचा उभा होता कोण जाणे.

"बाई, आई हसत होती," तो म्हणाला. "ऑपरेशन झाल्यापासून एकदा पण हसली नाही. आणि खिडकीचं काय म्हणत होती?"

माझं डोकं फिरलं. "गाढवा, तुला माहीत नाही? तुझी आई लग्न होऊन आली तेव्हापासून दुसऱ्यांच्या घरात राहतेय. तिने बांधलेलं एकच घर आहे, ते हे. आणि तू निघालायस बंगला पाडायला! एकदा तरी विचारलंस तिला, तुला कुठे राहायचंय?" शाळेत त्याला कधी इतकं बोलले नव्हते. तो पडद्यावरच्या त्या लाकडी घराकडे बघत राहिला. त्याने खुर्ची ओढली आणि म्हणाला, "हे तिने एकटीने बांधलं?"

पार्टीला त्याने नकार दिला. काकांशी भांडला. दिवसभरासाठी एक बाई ठेवली, मोरीला खरखरीत फरशी बसवली, आणि रंजनाताई वॉकर घेऊन घरी आल्या त्या दिवशी मला मुद्दाम बोलावून घेतलं. "आई, चल, एक दाखवायचंय," म्हणत त्याने त्यांना स्वयंपाकघरात नेलं. चुलीच्या समोरच्या भिंतीत नवीकोरी खिडकी! पोराचा चेहरा फुलला होता. रंजनाताई वॉकर टेकत टेकत खिडकीशी गेल्या. बाहेर हाताच्या अंतरावर शेजारच्या गोडाऊनचा निळा पत्रा.

"बरी हाय," त्या म्हणाल्या. "वारा येल." मग माझ्याकडे वळल्या. "पन बाई, याही टायमाला कोनी इचारलं न्हाय."

नीलेश लाल झाला. मला वाटलं, हा आता चिडून निघून जाईल. तो गेलाच, पण परत आला तो हातात खडू घेऊन. "आई, तू सांग. कुठे?"

रंजनाताईंनी खडू घेतला. वॉकर सोडला, एका हाताने माझा खांदा धरला आणि ज्या बाजूला गोडाऊन नव्हतं, नदी होती, तिकडच्या भिंतीवर, अजिबात घाई न करता, चौकोन काढला. एक बाजू वाकडी आली. मागे होऊन बघितलं आणि म्हणाल्या, "चूलसुद्धा इकडं आन." आणि पहिली खिडकी बुजवायला निघालेल्या नीलेशला ओरडल्या, "ती राहू दे. पोरानं काढलीय माझ्या."

त्या खिडकीपाशी त्यांना वर्षभरच मिळालं. एका दुपारी कामाच्या बाईचा फोन आला. जेवण झालं होतं, भांडी आवरली होती, त्या खुर्चीत बसल्या होत्या आणि बसल्याबसल्याच गेल्या. मी पोहोचले तेव्हा टेबलावर स्टीलची वाटी होती. पाटल्या आणि बांगड्या वाटीत होत्या.

दिवसकार्य आटोपल्यावर नीलेश म्हणाला, "बाई, जंगलातल्या लोकांना कळवायला पाहिजे ना?" त्याला इंग्रजी माझ्यापेक्षा चांगलं येतं, तरी त्याने मलाच खुर्ची दिली. मी लिहिलं, आंटी गेल्या. थोड्या वेळाने कोणकोण लिहायला लागलं. एकाने लिहिलं, त्यांनी मला विजार दिली होती. आणि तेवढ्यात कुठल्याशा नव्या माणसाने, कोण आंटी म्हणत, घाणेरडी शिवी हासडली.

नीलेश कॉम्प्युटर बंद करायला उठला. मी त्याचा हात बाजूला केला आणि एका बोटाने अक्षरं शोधत शोधत लिहिलं, खाना खाया क्या?

मग आम्ही दोघं उत्तराची वाट बघत बसून राहिलो.